अंतिम मालिकेची वेळ कोणाची? अमेरिकी व्यावसायिक बास्केटबॉलच्या वेळापत्रकाचा इतिहास (१९४७ ते २०२५)

प्रस्तावना

क्रीडा-इतिहासाच्या लेखनात खेळाडू, विक्रम आणि निकाल यांना जेवढे स्थान मिळते, तेवढे सामन्यांच्या वेळापत्रकाला मिळत नाही. वेळापत्रक हे कार्यालयातील कारकुनी काम समजले जाते आणि सामना संपताच त्याचा कागद निरुपयोगी ठरतो. वस्तुतः कोणता सामना कोणत्या वारी, किती वाजता, कोणत्या सभागृहात आणि आधीच्या सामन्यानंतर किती दिवसांनी खेळला गेला, या साध्या नोंदी इतिहासाच्या अभ्यासकाला पुष्कळ काही सांगू शकतात. खेळ खेळाडूंचा आणि प्रेक्षकांचा असतो असे म्हटले जाते. परंतु खेळाची वेळ ठरविण्याचा अधिकार या दोघांपैकी कोणाकडेही सहसा नसतो. तो कोणाकडे होता आणि कोणाकडून कोणाकडे गेला, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

त्यासाठी अमेरिकेतील नॅशनल बास्केटबॉल असोसिएशन म्हणजेच एनबीए या व्यावसायिक लीगची वार्षिक अंतिम मालिका अभ्यासासाठी घेतली आहे. या मालिकेत दोन संघ जास्तीत जास्त सात सामने खेळतात आणि आधी चार सामने जिंकणारा संघ विजेता ठरतो. १९४७ पासून आजपर्यंत हा नियम बदललेला नाही. त्यामुळे तुलना करणे सोयीचे जाते. १९४७ सालच्या पहिल्या अंतिम मालिकेचे पाच सामने १६ एप्रिल ते २२ एप्रिल या सात दिवसांत उरकले. २०२५ साली सात सामन्यांना ५ जून ते २२ जून असे अठरा दिवस लागले. खेळ तोच, चेंडू आणि कडे तेच. मग हे जादा दिवस कोठून आले आणि एप्रिलचा जून कसा झाला?

सभागृहमालकांचा काळ

६ जून १९४६ रोजी न्यूयॉर्कच्या कमोडोर हॉटेलात बास्केटबॉल असोसिएशन ऑफ अमेरिका या लीगची स्थापना झाली. १९४९ मध्ये नॅशनल बास्केटबॉल लीग या दुसऱ्या संघटनेचे तीत विलीनीकरण होऊन एनबीए हे नाव रूढ झाले. संस्थापकांची पार्श्वभूमी येथे महत्त्वाची आहे. ते प्रामुख्याने मोठ्या शहरांतील सभागृहांचे मालक वा चालक होते आणि त्यांचा मुख्य व्यवसाय बर्फावरील हॉकीचा होता. बोस्टन गार्डनचे वॉल्टर ब्राऊन हे या उपक्रमाचे एक प्रमुख प्रवर्तक. लीगचे पहिले अध्यक्ष मॉरिस पोडोलॉफ हे व्यवसायाने वकील आणि त्याच वेळी अमेरिकन हॉकी लीगचेही प्रमुख होते. हॉकीचा सामना नसलेल्या रात्री रिकामे सभागृह भाड्याविना पडून राहू नये, ही या लीगमागील व्यावहारिक प्रेरणा होती. बास्केटबॉल हा त्या सभागृहांचा यजमान नव्हता, भाडेकरू होता. आणि भाडेकरूची वेळ घरमालक ठरवितो.

याचा प्रत्यय अंतिम मालिकांतच येतो. न्यूयॉर्क निक्स या संघाचे घर मॅडिसन स्क्वेअर गार्डन. परंतु दर वसंत ऋतूत तेथे रिंगलिंग ब्रदर्सची सर्कस येत असे आणि तिचे उत्पन्न बास्केटबॉलपेक्षा भरवशाचे होते. परिणामी १९५१ साली रॉचेस्टर रॉयल्सविरुद्धच्या अंतिम मालिकेतील निक्सचे घरचे सामने ६९ व्या रेजिमेंटच्या आर्मरीत, म्हणजे लष्करी कवायतीसाठी बांधलेल्या लहानशा सभागृहात झाले. पुढच्या वर्षी परिस्थिती आणखी विचित्र झाली. १९५२ च्या मालिकेत गार्डनमध्ये सर्कस होती आणि प्रतिस्पर्धी मिनिअ‍ॅपोलिस लेकर्स संघाचे सभागृहही दुसऱ्या कार्यक्रमासाठी गेलेले होते. लेकर्सना आपले घरचे सामने शेजारच्या सेंट पॉल शहरात खेळावे लागले. पहिल्या सहा सामन्यांत दोहोंपैकी एकाही संघाला स्वतःचे नेहमीचे मैदान मिळाले नाही. सातवा सामना तेवढा मिनिअ‍ॅपोलिसला झाला आणि तो लेकर्सनी ८२–६५ असा जिंकला.

१९५५ साली फोर्ट वेन पिस्टन्स संघावर हीच पाळी आली. त्यांचे सभागृह बोलिंगच्या स्पर्धेसाठी आधीच आरक्षित होते, म्हणून त्यांच्या वाट्याचे सामने इंडियानापोलिसला हलविण्यात आले. घरच्या प्रेक्षकांसमोर एकही सामना न खेळता हा संघ सातव्या सामन्यापर्यंत पोहोचला आणि सिरॅक्यूज येथे ९२–९१ अशा एका गुणाने हरला. घरचे मैदान मिळाले असते तर निकाल वेगळा लागला असता, असे म्हणण्यास आधार नाही. मात्र अजिंक्यपदाच्या मालिकेपेक्षा बोलिंगची स्पर्धा सभागृहाला अधिक मोलाची वाटत होती, एवढे निश्चित म्हणता येते.

ही स्थिती लीगच्या बाल्यावस्थेपुरती मर्यादित होती असेही नाही. १९७५ साली गोल्डन स्टेट वॉरियर्सना ओकलंडमधील आपले सभागृह मोकळे न मिळाल्याने अंतिम मालिकेतील घरचे सामने डेली सिटीच्या काऊ पॅलेसमध्ये खेळावे लागले आणि त्यासाठी सामन्यांचा नेहमीचा क्रमही बदलावा लागला. १९७८ मध्ये सिअ‍ॅटलच्या बाबतीत असेच घडले. चौथा सामना किंगडोम या प्रचंड बंदिस्त क्रीडागारात हलविला गेला. तेथे ३९,४५७ प्रेक्षक जमले. अडचणीतून विक्रम घडला, तरी अडचण ती अडचणच होती.

दूरचित्रवाणीचा प्रवेश

१९५० च्या दशकात लीगचे सामने प्रथम ड्यूमाँट या अल्पायुषी वाहिनीवर आणि मग एनबीसीवर दिसू लागले. १९६० च्या दशकाच्या मध्यापासून एबीसीने, तर १९७३ पासून सीबीएसने हक्क घेतले. या संपूर्ण काळात बास्केटबॉल हा मुख्यतः शनिवार-रविवारच्या दुपारचा कार्यक्रम होता. आठवड्याच्या मधल्या दिवशी रात्री होणारा सामना हा वाहिनीपुढील प्रश्न असे. कारण रात्रीचे आठ ते अकरा हे तास मनोरंजन-मालिकांचे आणि जाहिरातींच्या सर्वाधिक दराचे. ८ मे १९७० रोजी न्यूयॉर्क निक्सचा जायबंदी कर्णधार विलिस रीड लंगडत मैदानावर आला आणि निक्सनी लेकर्सविरुद्धचा सातवा सामना ११३–९९ असा जिंकला, ही घटना अमेरिकी क्रीडास्मृतीत अढळ आहे. परंतु अशा प्रसंगांमुळे वाहिन्यांच्या हिशेबात मूलभूत फरक पडला नाही. तो पडला नव्हता याचा सर्वांत ठळक पुरावा दहा वर्षांनी मिळाला.

१६ मे १९८० ची रात्र

१९८० च्या अंतिम मालिकेत लॉस एंजेलिस लेकर्स आणि फिलाडेल्फिया सेव्हंटीसिक्सर्स हे संघ समोरासमोर होते. पाच सामन्यांअखेर लेकर्स ३–२ असे पुढे होते. परंतु पाचव्या सामन्यात त्यांचा आधारस्तंभ करीम अब्दुल-जब्बार याचा घोटा दुखावला आणि तो सहाव्या सामन्यासाठी फिलाडेल्फियाला गेलाच नाही. त्याच्या जागी मध्यवर्ती स्थानावर उभा राहिला तो वीस वर्षांचा, पहिल्याच हंगामात खेळणारा मॅजिक जॉन्सन. वास्तविक तो चेंडू पुढे नेणारा, चाली रचणारा खेळाडू. त्या रात्री त्याने ४२ गुण, १५ रिबाउंड आणि ७ असिस्ट अशी कामगिरी केली. लेकर्स १२३–१०७ असे जिंकले आणि अजिंक्यपद त्यांच्याकडे गेले. या खेळाच्या इतिहासातील सर्वोत्तम वैयक्तिक कामगिरींत या सामन्याची गणना आजही होते.

अमेरिकेच्या बहुतांश भागातील प्रेक्षकांनी मात्र तो घडत असताना पाहिला नाही. सामना शुक्रवारी रात्री होता. सीबीएसची शुक्रवारची रात्र म्हणजे ‘डॅलस’ या अतिलोकप्रिय मालिकेची रात्र. त्या मालिकेचा हंगाम मार्चमध्येच संपलेला होता; तरीही ती वेळ सामन्याच्या वाट्याला आली नाही. लॉस एंजेलिस, फिलाडेल्फिया अशी मोजकी शहरे वगळता इतरत्र सामन्याचे मुद्रण पूर्वेकडील वेळेनुसार रात्री साडेअकरा वाजता दाखविण्यात आले. अकराच्या स्थानिक बातम्या ज्याने ऐकल्या, त्याला निकाल आधीच कळलेला असणे शक्य होते. ज्याने ऐकल्या नाहीत, त्याला तो समजण्यासाठी मध्यरात्र उलटून जाईपर्यंत जागावे लागले.

यामागील कारण समजून घेण्यासाठी अमेरिकी दूरचित्रवाणीची मोजणीपद्धती पाहावी लागते. नील्सन ही संस्था प्रेक्षकसंख्या मोजत असे. देशभरातील स्थानिक केंद्रांसाठी मात्र ही मोजणी वर्षातून चार महिनेच, म्हणजे फेब्रुवारी, मे, जुलै आणि नोव्हेंबरमध्ये, विस्ताराने होई आणि या महिन्यांतील आकड्यांवर पुढील जाहिरातींचे दर ठरत. साहजिकच या मोजणीच्या महिन्यांत प्रत्येक वाहिनी आपले हुकमी कार्यक्रम लावी. १९७६ ते १९७९ या काळात अंतिम मालिका मेच्या उत्तरार्धात सुरू होऊन जूनच्या प्रारंभापर्यंत चालत असे. १९८० आणि १९८१ या दोन वर्षी मात्र ती मेच्या पूर्वार्धात, म्हणजे नेमकी मोजणीच्या ऐन मध्यावर आली. १९८० साली तिसरा आणि चौथा सामना शनिवारी व रविवारी लागोपाठच्या दिवशी ठेवलेला आढळतो. अंतिम मालिकेत लागोपाठ दोन दिवस खेळणे शारीरिकदृष्ट्या किती कठीण, हे सांगावयास नको. पण शनिवार-रविवारची दुपार ही थेट प्रक्षेपणाला मोकळी असलेली एकमेव जागा होती. १९८१ सालीही तिसरा-चौथा सामना शनिवार-रविवारी झाला. उरलेले चार सामने मंगळवार-गुरुवारचे असल्याने देशाच्या मोठ्या भागात रात्री उशिरा मुद्रित स्वरूपातच दिसले. त्या मालिकेची सरासरी अवघी ६.७ टक्के घरांची होती. हा तोवरचा नीचांक.

आता या नीचांकाचे स्पष्टीकरण त्या काळी कसे दिले गेले, हे पाहणे उद्बोधक आहे. लीगमधील सुमारे तीन-चतुर्थांश खेळाडू कृष्णवर्णीय होते, आणि गोऱ्या प्रेक्षकांना व जाहिरातदारांना हा खेळ आपलासा वाटत नाही, असे उघडपणे लिहिले-बोलले जाई. खेळाडूंच्या अमली पदार्थांच्या सेवनाच्या बातम्यांनी त्यात भर घातली. थोडक्यात, लोक पाहत नाहीत याचा दोष खेळणाऱ्यांवर टाकला गेला. मध्यरात्री दाखविलेला सामना लोक का पाहत नाहीत, हा प्रश्न विचारण्याची गरज फारशी कोणाला वाटली नाही.

इतिहासाच्या अभ्यासकाला प्रयोगशाळेतल्यासारखी एकच गोष्ट बदलून बाकी सर्व स्थिर ठेवता येत नाही. येथे मात्र तसा प्रसंग जवळजवळ जुळून आलेला आहे. १९८२ साली अंतिम मालिकेत पुन्हा तेच दोन संघ आले: लेकर्स आणि सेव्हंटीसिक्सर्स. जॉन्सन तोच, अब्दुल-जब्बार तोच, ज्युलियस अर्व्हिंग तोच, वाहिनी तीच, मालिका याही वेळी सहा सामन्यांत लेकर्सनीच जिंकली. खेळाडूंच्या वर्णाचे प्रमाणही दोन वर्षांत बदललेले नव्हते. बदलले होते ते वेळापत्रक. १९८१–८२ चा हंगाम सुमारे तीन आठवडे उशिरा, ऑक्टोबरच्या अखेरीस सुरू करण्यात आला. त्यामुळे अंतिम मालिका २७ मे रोजी, मोजणीचा काळ संपल्यावर, सुरू झाली आणि तिचे सर्व सामने थेट दाखविणे वाहिनीला परवडले. १९८० साली या दोन संघांच्या मालिकेला सरासरी ८ टक्के घरे लाभली होती. १९८२ साली १३ टक्के.

दोन वर्षांत जॉन्सनची कीर्ती वाढली होती, हे या तुलनेतील न्यून मान्य करावे लागेल. तथापि १९७९ च्या मार्च महिन्यातील महाविद्यालयीन अजिंक्यपदाचा सामना येथे विसरता येत नाही. त्यात जॉन्सनचा मिशिगन स्टेट आणि लॅरी बर्डचा इंडियाना स्टेट हे संघ थेट प्रक्षेपणात लढले आणि त्याला २४.१ टक्के घरांनी पाहिले. हा बास्केटबॉलच्या सामन्याचा आजही न मोडलेला उच्चांक आहे. म्हणजे या खेळाडूंना पाहणारा देश व्यावसायिक लीगच्या आधीपासूनच अस्तित्वात होता. एनबीएच्या पुनरुत्थानाचे श्रेय जॉन्सन आणि बर्ड या जोडीच्या व्यक्तिमत्त्वांना देण्याची प्रथा आहे. ती चुकीची नाही, अपुरी आहे. जॉन्सनची सर्वांत मोठी रात्र देशाला दिसलीच नव्हती. दिसण्याची व्यवस्था व्हावयास लीगला आपले पंचांगच पुढे सरकवावे लागले. वर्णभेदाचे स्पष्टीकरणही त्यामुळे रद्द होत नाही. उलट तो पूर्वग्रह वेळापत्रकातच मुरलेला होता का, कोणता खेळ मध्यरात्री ढकलण्याजोगा समजला जातो, असा नवा प्रश्न त्यातून उभा राहतो.

जूनची किंमत

वेळापत्रक पुढे सरकले आणि त्याबरोबर काही नव्या अडचणी आल्या. बोस्टन गार्डन हे १९२८ साली हॉकी आणि मुष्टियुद्ध डोळ्यांपुढे ठेवून बांधलेले सभागृह. त्यात वातानुकूलन नव्हते. ८ जून १९८४ रोजी तेथे बोस्टन सेल्टिक्स आणि लेकर्स यांच्यातील पाचवा सामना झाला, तेव्हा आतील तापमान ९७ अंश फॅरनहाइट, म्हणजे सुमारे ३६ अंश सेल्सिअस होते. मराठवाड्यातील वाचकाला हा आकडा किरकोळ वाटेल. परंतु हजारो माणसांनी भरलेल्या बंद सभागृहात अखंड धावण्याचा खेळ खेळणाऱ्यांचे काय झाले, हे सदतीस वर्षांच्या अब्दुल-जब्बारला बाकावर बसून घ्याव्या लागलेल्या प्राणवायूवरून दिसते. सेल्टिक्स १२१–१०३ असे जिंकले. बर्डने ३४ गुण केले.

त्याच मालिकेचे दुसरे अंग प्रवासाचे. चौथा सामना ६ जूनला लॉस एंजेलिसला, पाचवा ८ जूनला बोस्टनला, सहावा १० जूनला पुन्हा लॉस एंजेलिसला आणि सातवा १२ जूनला पुन्हा बोस्टनला. या दोन शहरांत चार हजार किलोमीटरहून अधिक अंतर आणि तीन तासांचा कालफरक आहे. सात दिवसांत चार सामने आणि त्यांच्यामध्ये खंडाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत तीन उड्डाणे. आणि संघांनी स्वतःची स्वतंत्र विमाने ठेवण्याची पद्धत तेव्हा रूढ झालेली नव्हती. पुढच्याच वर्षी, १९८५ मध्ये, डेव्हिड स्टर्न यांच्या कारकिर्दीत लीगने अंतिम मालिकेचा साचा बदलला. पूर्वी २-२-१-१-१ असा क्रम असे: वरचढ क्रमांकाच्या संघाच्या घरी दोन, प्रतिस्पर्ध्याच्या घरी दोन आणि मग आलटून पालटून एकेक. त्याऐवजी २-३-२ असा क्रम आला. या बदलामागे बोस्टनचे रेड ऑअरबाख यांची तक्रार होती असे सांगितले जाते.

प्रवास घटला, पण न्यायाचा प्रश्न निर्माण झाला. दोन्ही संघ २–२ असे बरोबरीत असताना पाचवा सामना हा निर्णायक वळणाचा असतो आणि नव्या क्रमात तो हंगामभर अधिक चांगल्या ठरलेल्या संघाला परक्या मैदानावर खेळावा लागे. दुसरीकडे, मधले तिन्ही सामने घरी खेळणाऱ्या संघाला ते सलग जिंकणे जवळजवळ अशक्य ठरले. १९८५ ते २०१३ या एकोणतीस वर्षांत असे तीनदाच घडले: २००४ मध्ये डेट्रॉइट, आणि २००६ व २०१२ मध्ये मायामी. म्हणजे हा साचा दोन्ही बाजूंना अडचणीचा होता, असे म्हणावे लागते. तो इतकी वर्षे टिकला, याचे कारण त्याची सोय खेळणाऱ्यांपेक्षा व्यवस्थेला अधिक होती. संघ स्वतंत्र विमानांनी फिरू लागल्यावर प्रवासाचे मूळ कारणही क्षीण झाले होते. तरी ऑक्टोबर २०१३ पर्यंत थांबावे लागले. त्या महिन्यात संघमालकांनी एकमताने जुना क्रम परत आणला आणि २०१४ च्या मालिकेपासून तो लागू झाला. योगायोग असा, की त्या मालिकेच्या पहिल्याच सामन्यात, ५ जून २०१४ रोजी, सॅन अँटोनिओच्या सभागृहातील वातानुकूलन बंद पडले आणि मायामीच्या लेब्रॉन जेम्सला पायांत गोळे येऊन शेवटच्या टप्प्यात मैदान सोडावे लागले. तीस वर्षांनीही जून हा जूनच होता.

रात्रीचे नऊ

१९८२ नंतरचा कालखंड आर्थिकदृष्ट्या वेगाने सांगता येतो. १९८२ चा सीबीएसशी झालेला चार वर्षांचा करार ८ कोटी ८० लाख डॉलरचा होता. १९९० मध्ये एनबीसीने चार वर्षांसाठी ६० कोटी मोजले. २००३ पासून अंतिम मालिका एबीसीवर आहे. २०२४ मध्ये अनेक माध्यमसमूहांशी झालेले अकरा वर्षांचे करार सुमारे ७,६०० कोटी डॉलरचे आहेत. एवढी रक्कम देणारा केवळ खेळ विकत घेत नाही, खेळाची वेळही विकत घेतो. जो खेळ एके काळी रात्रीच्या मुख्य वेळेतून हाकलला जात होता, तोच आता त्या वेळेचा आधार झाला. सामने पूर्वेकडील वेळेनुसार रात्री नऊच्या सुमारास सुरू होऊ लागले. कारण तेव्हा पश्चिम किनाऱ्यावर सहा वाजलेले असतात आणि तेथील माणूस कार्यालयातून घरी परतत असतो. पूर्वेकडील शाळकरी मुले मात्र उत्तरार्धापूर्वीच झोपी जात. अलीकडच्या वर्षांत प्रारंभ साडेआठच्या आसपास आणि रविवारी आठ वाजता आणण्यात आला आहे. सामन्यांमधील विश्रांतीचे दिवस वाढले, ते अंशतः खेळाडूंसाठी आणि अंशतः जास्तीत जास्त सोयीच्या रात्री मिळाव्यात म्हणून. अठरा दिवसांचे गणित येथे सुटते.

थेट प्रक्षेपणाचा हा अधिकारही निरपवाद नव्हता. १७ जून १९९४ च्या रात्री न्यूयॉर्कमध्ये निक्स आणि ह्यूस्टन रॉकेट्स यांचा पाचवा सामना चालू असताना खुनाच्या आरोपातील ओ. जे. सिम्सन याच्या मोटारीचा पोलीस पाठलाग करीत होते. एनबीसीने पडदा विभागला. काही काळ अंतिम मालिका एका कोपऱ्यात गेली आणि महामार्गावरील पांढरी मोटार मुख्य चित्र बनली. चौदा वर्षांपूर्वी मालिकेने खेळाला बाजूला सारले होते. या वेळी बातमीने सारले.

१४ जून १९९८ चा शिकागो बुल्स आणि यूटा जॅझ यांच्यातील सहावा सामना सरासरी ३ कोटी ५९ लाख अमेरिकी प्रेक्षकांनी पाहिला. मायकेल जॉर्डनचा बुल्ससाठीचा तो अखेरचा सामना. त्या संख्येला एनबीएचा दुसरा कोणताही सामना पोहोचलेला नाही. २००७ च्या मालिकेची सरासरी ९३ लाखांवर आली. २०१७ ची २ कोटींच्या वर गेली. २०२५ ची सुमारे १ कोटीच्या घरात राहिली. हे आकडे शेजारी ठेवून ऱ्हासाची कहाणी लिहिण्याचा मोह होतो. परंतु १९९८ चा प्रेक्षक आणि भ्रमणध्वनीवर सामन्याचे तुकडे पाहणारा २०२५ चा प्रेक्षक एकाच मापाने मोजता येत नाहीत.

वेळापत्रकाचे सर्व आधार एकाच वेळी कोसळले ते २०२० साली. ११ मार्च रोजी करोनाच्या साथीमुळे हंगाम स्थगित झाला. उन्हाळ्यात ऑरलँडोजवळील डिस्नेच्या परिसरात बावीस संघांना एकत्र ठेवून तो पुढे चालविण्यात आला. तेथे २६ ऑगस्टला मिल्वॉकी बक्स संघाने विस्कॉन्सिनमधील जेकब ब्लेक या कृष्णवर्णीय माणसावर पोलिसांनी केलेल्या गोळीबाराच्या निषेधार्थ मैदानावर येण्यास नकार दिला. इतर संघही थांबले आणि तीन दिवस खेळ झाला नाही. सर्कस, बोलिंग, मालिका, मोजणी, बातमी यांच्यासाठी सामने हलविले गेल्याची उदाहरणे वर आली आहेत. खेळणाऱ्यांनी स्वतः वेळापत्रक थांबविल्याचे उदाहरण या पाऊणशे वर्षांत विरळ आहे, आणि त्यावर सर्वाधिक टीका झाली हेही नोंदविण्याजोगे आहे. ती अंतिम मालिका ३० सप्टेंबर ते ११ ऑक्टोबर या काळात प्रेक्षकांविना झाली. घरचे मैदान कोणालाच नव्हते. १९५२ मध्ये पहिल्या सहा सामन्यांपुरते जे घडले, ते या वेळी सहाही सामन्यांत घडले. सरासरी प्रेक्षक सुमारे ७५ लाखांवर आले. अमेरिकी फुटबॉलचा आणि बेसबॉलच्या अंतिम टप्प्याचा हा हंगाम. त्या गर्दीत ऑक्टोबरमधील बास्केटबॉलला जागा नव्हती. तरीही त्या घसरणीचे खापर पुन्हा एकदा खेळाडूंच्या भूमिकेवर फोडणारे निघालेच. १९८१ ची आठवण त्यातून होते.

सकाळचे सहा

भारतात या मालिकेचा प्रेक्षक उपग्रह वाहिन्यांबरोबर, १९९० च्या दशकात, जॉर्डनच्या निमित्ताने तयार झाला. अमेरिकेचा पूर्व किनारा जूनमध्ये भारताच्या साडेनऊ तास मागे असतो. त्यामुळे तेथील गुरुवारी रात्रीचा साडेआठचा सामना येथे शुक्रवारी सकाळी सहाला सुरू होतो. हा प्रेक्षक मोजणीच्या मूळ हिशेबात कोठेच नव्हता. २०११ मध्ये लीगने मुंबईत कार्यालय उघडले आणि त्याची दखल घेणे सुरू झाले. मुंबईत जन्मलेले विवेक रणदिवे यांनी २०१३ मध्ये सॅक्रामेंटो किंग्जची मालकी मिळविली. ४ आणि ५ ऑक्टोबर २०१९ रोजी त्यांचा संघ आणि इंडियाना पेसर्स यांच्यात वरळीच्या एनएससीआय डोममध्ये हंगामपूर्व सामने झाले, भारतातील एनबीएचे हे पहिलेच सामने. पहिल्या दिवशी प्रेक्षागारात मुख्यतः शाळांतील सुमारे तीन हजार मुले-मुली होती; पेसर्सनी तो सामना जादा वेळेत १३२–१३१ असा जिंकला.

त्या सायंकाळी मुंबईतील मुले सामना घडत असताना पाहत होती आणि सॅक्रामेंटोतील चाहत्याला तो पाहण्यासाठी भल्या सकाळी उठावे लागत होते. अंतिम मालिकेच्या वेळी ही अदलाबदल टिकत नाही. जूनच्या मध्यात, सहावा वा सातवा सामना असतो त्याच सुमारास, महाराष्ट्रातील शाळा नव्या वर्षासाठी उघडतात. सकाळच्या सत्रात जाणाऱ्या मुलाला सामन्याचा पहिला भाग तेवढा पाहावयास मिळतो. शेवटच्या पाच मिनिटांत काय झाले, हे त्याला मधल्या सुट्टीत कोणाकडून तरी कळते.